वाचकांचे प्रश्न : गोदावरी समुद्राला मिळते तेथे

गोदावरीच्या मुखाकडील प्रदेशाविषयी या महिन्यात बरीच पत्रे आली. त्यांतील बहुतेक पत्रे नदीच्या वरच्या अंगाला राहणाऱ्या वाचकांची आहेत. एकसारखे प्रश्न एकत्र करून येथे उत्तरे दिली आहेत.

प्रश्न (नाशिक) : त्र्यंबकेश्वरला आमचे लहानपणापासून जाणे-येणे आहे. नदी जेथे समुद्राला मिळते ते ठिकाणही एकदा पाहावे अशी घरातील सर्वांची इच्छा आहे. नकाशात मात्र तिला अनेक मुखे दिसतात. नेमके कोठे जावे?

उत्तर : ब्रह्मगिरीपासून समुद्रापर्यंत गोदावरीची लांबी सुमारे १,४६५ किलोमीटर आहे. आंध्र प्रदेशात राजमहेंद्रवरमच्या वर ती डोंगरांतून बाहेर पडते आणि थोडे खाली धवळेश्वरमच्या बंधाऱ्यापाशी दोन मुख्य फाट्यांत विभागते. पूर्वेकडचा फाटा गौतमी आणि पश्चिमेकडचा वसिष्ठा. पुढे वसिष्ठेतून वैनतेय हा आणखी एक फाटा निघतो. गौतमी यानमजवळून समुद्राकडे जाते. यानम चहूबाजूंनी आंध्रने वेढलेले असले तरी १९५४ पर्यंत फ्रेंचांच्या ताब्यात होते आणि आजही पुदुच्चेरीच्या कारभाराखाली आहे. वसिष्ठा अंतर्वेदी येथे सागराला मिळते. या फाट्यांच्या आणि समुद्राच्या मधला हिरवागार प्रदेश म्हणजे कोनसीमा. अमलापुरम हे त्याचे मुख्य गाव असून २०२२ मध्ये झालेल्या नव्या जिल्ह्याला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे नाव देण्यात आले आहे.

श्रद्धेच्या दृष्टीने नदीची मुखे सात मानतात. ती सप्तर्षींच्या नावाने ओळखली जातात आणि त्यांची सप्तसागर यात्रा करण्याची जुनी रीत आहे. ज्या गौतम ऋषींनी त्र्यंबकला गंगा आणली असे आपण मानतो, त्यांचेच नाव येथे पूर्वेकडच्या फाट्याला आहे, त्यामुळे नाशिककरांना हा प्रदेश परका वाटणार नाही. एकच ठिकाण निवडायचे झाल्यास अंतर्वेदीला जावे. तेथे लक्ष्मीनरसिंहाचे मंदिर आहे आणि संगमापर्यंत वाळूतून चालत जाता येते. माघ शुद्ध एकादशीला देवाचा रथ निघतो तेव्हा आसपासच्या सगळ्या गावांतील माणसे लोटतात.

मात्र थेट अंतर्वेदीला मोटारीने जाऊन परत येऊ नये, अशी माझी आग्रहाची सूचना आहे. धवळेश्वरमपासून कालव्याच्या कडेने निघावे आणि निदान एकदा तरी नदीचा फाटा नावेतून ओलांडावा. कोटिपल्ली ते मुक्तेश्वरम आणि नरसापूर ते सखिनेटिपल्ली या दोन ठिकाणी अजून अशी वाहतूक चालते. दोन नावा शेजारी बांधून त्यांवर फळ्यांचा तळ टाकलेला असतो. त्यावर मोटारसायकली, नारळाची पोती, दुधाच्या कॅन, शाळेची मुले आणि लग्नाला निघालेली मंडळी एकत्र उभी असतात. इंजिन सुरू असतानाही नावाड्याच्या हातात लांब बांबू असतो, कारण वाळूचा पट्टा मागच्या पुरानंतर कोठे सरकला आहे हे त्याला दर वर्षी नव्याने चाचपावे लागते. पूर वाढला की ही वाहतूक बंद होते आणि पलीकडच्या गावाला जाण्यासाठी मोठा वळसा घ्यावा लागतो.

प्रश्न (नांदेड) : मी कृषी पदवीचा विद्यार्थी आहे. या भागात एका इंग्रज अभियंत्याचे पुतळे गावोगावी असून शेतकरी त्यांना हार घालतात असे ऐकले. यामागे काय आहे?

उत्तर : आपण ऐकलेले खरे आहे. सर आर्थर कॉटन यांचा पुतळा, बऱ्याचदा घोड्यावर बसलेला, पूर्वीच्या पूर्व आणि पश्चिम गोदावरी जिल्ह्यांत अनेक चौकांत दिसतो आणि १५ मे या त्यांच्या जन्मदिनी तेथे कार्यक्रम होतात. एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात हा प्रदेश एका वर्षी दुष्काळाने आणि दुसऱ्या वर्षी पुराने उद्ध्वस्त होत होता. शेजारून एवढी मोठी नदी वाहत असताना पिके करपत होती, कारण पाणी शेतापर्यंत चढवण्याचे साधन नव्हते. कॉटन यांनी धवळेश्वरम येथे नदीतील बेटांचा आधार घेत सुमारे साडेतीन किलोमीटर लांबीचा दगडी बंधारा चार तुकड्यांत बांधला. काम १८४७ मध्ये सुरू होऊन १८५२ मध्ये पूर्ण झाले. या कामात स्थानिक अभियंते वीणम वीरन्ना यांचा मोठा वाटा होता, आणि हजारो मजुरांनी वाळूच्या पात्रात पाया घातला. त्यांचे स्मरणही कॉटन यांच्याबरोबरीने व्हायला हवे.

विद्यार्थी म्हणून आपण लक्षात घ्यावे की हा पाणी साठवण्याचा बांध नाही. त्याने पाण्याची पातळी काही फूट उचलली, एवढेच त्याचे काम. पूर्व, मध्य आणि पश्चिम अशा तीन विभागांच्या मुख्य कालव्यांत ते पाणी शिरते आणि पुढे केवळ उताराने वाहत सुमारे दहा लाख एकरांपर्यंत पोहोचते. जुन्या बंधाऱ्याच्या जागी आता दरवाजांचे बराज आहे, पण कालव्यांचे जाळे मुळात तेच आहे. खरिपाच्या भाताला तेथे सार्वा आणि उन्हाळी भाताला दाळवा म्हणतात. सार्वा नदीच्या पावसाळी पाण्यावर निघते, दाळव्याला मात्र सिलेरू या उपनदीवरील जलविद्युत प्रकल्पांतून सोडलेल्या पाण्याची वाट पाहावी लागते. एप्रिलनंतर दुरुस्तीसाठी कालवे बंद ठेवतात. त्याआधी गावातील तळी भरून घेतली जातात, कारण अनेक गावांचे पिण्याचे पाणीही त्याच तळ्यांतून येते.

शेतात पाणी आणण्याइतकेच ते बाहेर काढण्याचे कामही अवघड असते. जमीन इतकी सपाट आहे की प्रत्येक कालव्याला जोडून निचऱ्याचा नाला असावा लागतो. असे नाले जलपर्णीने तुंबले की ऑक्टोबरच्या एका वादळी पावसाने ओंबीला आलेले भात आठवडाभर पाण्यात उभे राहते. या प्रदेशातील शेतकऱ्यांची सर्वांत जुनी तक्रार कालव्यांपेक्षा या नाल्यांविषयी आहे.

प्रश्न (गडचिरोली) : आमच्याकडे वैनगंगा आणि प्राणहितेला पूर येतो तेव्हा आमची वाट बंद होते. तेच पाणी पुढे त्रिभुज प्रदेशात जाऊन काय करते?

उत्तर : हा प्रश्न विचारल्याबद्दल आपले मनापासून आभार. गोदावरी म्हटले की नाशिक-पैठण आठवते, पण मुखाकडे येणाऱ्या पुराचा मोठा भाग प्राणहिता, इंद्रावती आणि शबरी या नद्यांचा असतो. विदर्भात आणि बस्तरमध्ये चार दिवस संततधार लागली की भद्राचलम येथील पातळीकडे कोनसीमेचे डोळे लागतात. तेथून पाणी उतरायला लागणारा वेळ हाच सामान हलवण्याचा अवधी. धवळेश्वरम येथे विसर्ग दहा लाख क्यूसेकवर गेला की पहिला इशारा, तेरा लाखांवर दुसरा आणि सतरा लाखांवर तिसरा, हे आकडे तेथील शाळकरी मुलांनाही पाठ असतात. १९८६ च्या ऑगस्टमध्ये विसर्ग सुमारे पस्तीस लाखांवर गेला होता. जुलै २०२२ मध्ये तो पंचवीस लाखांच्या वर होता.

सर्वाधिक झळ बसते ती लंकांना. नदीच्या पात्रातील वाळूच्या आणि गाळाच्या बेटांना तेथे लंका म्हणतात आणि कितीतरी गावांच्या नावांत तो शब्द आहे. पुराने दर वर्षी नवा गाळ टाकल्यामुळे तेथे भाजीपाला, केळी आणि तंबाखू उत्तम येतो, म्हणूनच माणसे ती जागा सोडत नाहीत. तिसऱ्या इशाऱ्यापूर्वी जनावरे बांधावर आणली जातात, धान्य माळ्यावर चढते आणि म्हातारी माणसे पलीकडच्या शाळेत हलवली जातात. पूर ओसरल्यावर कधी गाळ मिळतो, तर कधी काठाची निम्मी वाडीच नदीत गेलेली असते. काठ कोसळण्याचे हे नुकसान कायमचे असते, आणि पिकाच्या नुकसानभरपाईत त्याचा पुरेसा विचार होत नाही असे मला ठामपणे वाटते.

प्रश्न (पुणे) : कागदासारख्या पातळ पापुद्र्याची एक मिठाई तिकडून कोणी आणून दिली होती. ती कशी करतात? तेथे आणखी काय खावे?

उत्तर : आपण खाल्लेली मिठाई पूतरेकुलु होय. आत्रेयपुरम हे तिचे गाव आणि २०२३ मध्ये तिला भौगोलिक मानांकनही मिळाले. बहुतेक घरांत हे काम स्त्रिया करतात. गोल बुडाचे खास मडके चुलीवर पालथे ठेवलेले असते आणि त्याच्या पोटाखाली नारळाच्या सुक्या झावळ्या जळत असतात. तांदळाच्या अगदी पातळ पिठात हातभर तलम फडके बुडवायचे, त्याची दोन टोके धरून ते तापलेल्या मडक्यावरून एकदा ओढायचे आणि लगेच उचलायचे. क्षणात पापुद्रा सुटतो, आणि तो इतका पारदर्शक असतो की त्याखाली धरलेली बोटे दिसतात. जाळ थोडा वाढला तर तो करपतो, कमी झाला तर चिकटतो, म्हणून एका हाताने फडके आणि दुसऱ्याने झावळी असे काम दिवसभर चालते. नंतर पापुद्र्यांवर किंचित ओलसर कापड फिरवून त्यांना लवचीक करतात आणि साजूक तूप, पिठीसाखर किंवा गूळ भरून घडी घालतात. गुळाची मिठाई मला अधिक आवडते. मडक्यापुढे बसलेल्या बाईला धूर आणि धग यांचा किती त्रास होतो हे पाहिल्यावर मात्र तिच्याशी भावाची घासाघीस करावीशी वाटणार नाही.

न्याहारीला अंबाजीपेटचे पोट्टिक्कलू अवश्य खावेत. फणसाची चार पाने हिरांनी टोचून द्रोण करतात आणि त्यात इडलीचे पीठ घालून उकडतात. गोवा-कारवारकडच्या सारस्वत घरांत होणारे खोट्टे ज्यांनी खाल्ले आहेत त्यांना हा वास ओळखीचा वाटेल. कोवळ्या फणसाचा कीस मोहरी वाटून केलेल्या भाजीत घालतात, ती लग्नाच्या पंगतीत असतेच.

मासे खाणाऱ्यांसाठी पुलसा आहे. समुद्रातील हिल्सा पावसाळ्यात अंडी घालण्यासाठी पुराच्या तांबड्या पाण्यात उलट पोहत येते. धवळेश्वरमच्या बराजपाशी तिची वाट संपते, म्हणून समुद्र ते बराज एवढ्याच टप्प्यात ती मिळते. चिंचेच्या कोळात, भेंडी घालून, मातीच्या भांड्यात मंद जाळावर शिजवलेले हे कालवण दुसऱ्या दिवशी अधिक चांगले लागते. मंगळसूत्र विकावे पण पुलसा खावी, अशी म्हण तेथे आहे. एका माशाला काही हजार रुपये पडतात आणि अलीकडे मासा कमी सापडू लागल्याने बाहेरची हिल्सा पुलसा म्हणून खपवली जाते. म्हणून खात्रीच्या कोळ्याची ओळख असल्याखेरीज घेऊ नये.

प्रश्न (गुहागर) : आमची नारळ-सुपारीची वाडी आहे. तिकडच्या नारळशेतीत आम्हाला शिकण्यासारखे काय आहे?

उत्तर : आपल्याकडे आगर उतारावर असते आणि पाणी पाटाने किंवा पंपाने द्यावे लागते. कोनसीमेत जमीन सपाट गाळाची असून पाणी कालव्याचे आहे, त्यामुळे पाणी देण्याची त्यांची पद्धत जशीच्या तशी उचलता येणार नाही. घेण्यासारखे आहे ते आंतरपीक. नारळाच्या सावलीत केळी आणि सुरण यांच्या जोडीला कोको लावला जातो. कोकोच्या पानांचा थर जमिनीवर राहिल्याने ओल टिकते आणि नारळाचा भाव कोसळलेल्या वर्षी घर चालते. दुसरी गोष्ट म्हणजे एकही भाग वाया जात नाही. अंबाजीपेटच्या बाजारात नारळ आणि खोबऱ्याचे सौदे होतात, सोडणे काथ्याच्या कारखान्यात जातात, हिरांचे खराटे होतात आणि करवंटीचा कोळसा. पाडेल्यांची, म्हणजे झाडावर चढून नारळ पाडणाऱ्यांची, टंचाई मात्र त्यांनाही आपल्याइतकीच भेडसावते.

६ नोव्हेंबर १९९६ च्या चक्रीवादळाने या भागात हजारावर माणसे मृत्युमुखी पडली आणि नारळाच्या बागाच्या बागा आडव्या झाल्या. नवे झाड फळाला येईपर्यंत अनेक कुटुंबांना मजुरीवर काढावे लागले. निसर्ग आणि तौक्ते या वादळांनंतर कोकणातील बागायतदारांनी जे सोसले, ते त्या लोकांना शब्दांत सांगावे लागणार नाही.

प्रश्न (सोलापूर) : आमच्या गड्ड्याच्या यात्रेत नंदीध्वज असतात. संक्रांतीलाच तिकडेही बांबूच्या उंच मखरांची यात्रा असते म्हणे. तिची माहिती द्यावी.

उत्तर : ही प्रभल तीर्थम् यात्रा. संक्रांतीच्या दुसऱ्या दिवशी, म्हणजे कनुमेला, अंबाजीपेटजवळच्या जग्गन्नतोट येथे ती भरते. तेथे मंदिर नाही, नारळाची मोठी बाग आहे. आसपासच्या अकरा गावांतील अकरा रुद्र वर्षातून एकदा तेथे भेटतात अशी श्रद्धा आहे. प्रभा म्हणजे हे मखर. बांबूचा उंच सांगाडा करून त्यावर रंगीत कापडे, मोरपिसे, घुंगरू आणि झेंडूच्या माळा चढवतात, पायथ्याशी देवाची मूर्ती बसवतात आणि गावातील तरुण तो खांद्यावर घेऊन निघतात.

या यात्रेची खरी शोभा वाटेत आहे. रस्ता सोडून ही प्रभा थेट शेतांतून येते. दाळव्याची लावणी नुकतीच झालेली असते, कोवळी रोपे पायांखाली तुडवली जातात, तरी शेताचा मालक बांधावर हात जोडून उभा असतो, कारण देव शेतातून गेला की पीक चांगले येते असे तो मानतो. गंगलकुर्रू गावाच्या प्रभांना कौशिका हा पाण्याचा प्रवाह ओलांडावा लागतो. पाण्यात उतरलेल्या माणसांच्या गळ्यापर्यंत पाणी येते, वर एवढा मोठा सांगाडा डोलत असतो, आणि ‘शरभ, शरभ’ असा घोष करीत दोन्ही काठांवरची माणसे श्वास रोखून तो पलीकडे जाईपर्यंत पाहत असतात. २०२३ च्या प्रजासत्ताक दिनी आंध्र प्रदेशाने दिल्लीतील चित्ररथासाठी हाच विषय निवडला होता.

याच दिवसांत दारोदार हरिदास फिरतात, सजवलेले नंदीबैल येतात आणि अंगणात शेणाचे गोळे मांडून त्यांवर भोपळ्याची फुले खोचतात. कोंबड्यांच्या झुंजीही लागतात. कायद्याने त्यांना बंदी आहे, पैशांची पैज चालते आणि कोंबड्यांच्या पायांना सुऱ्या बांधतात, म्हणून तेथे पर्यटक म्हणून गर्दी करू नये असे माझे स्पष्ट मत आहे.

प्रश्न (पैठण) : इतका सुपीक मुलूख असूनही तेथील शेतकऱ्यांनी एकदा पेरणीच केली नव्हती असे वाचले. हे कसे घडले? आणि आमच्याकडील धरणांचा त्यांच्यावर परिणाम होतो काय?

उत्तर : २०११ च्या खरिपात कोनसीमेतील शेतकऱ्यांनी ठरवून जमिनी पडीक ठेवल्या. भाताचा मिळणारा भाव उत्पादनखर्चाहून कमी होता, कापणीला मजूर मिळत नव्हते आणि तुंबलेल्या नाल्यांमुळे पीक दर वर्षी बुडत होते. त्यातही खंडाने जमीन कसणाऱ्यांची स्थिती बिकट आहे. खंड पोत्यांत ठरलेला असतो आणि पीक बुडाले तरी तो चुकवावा लागतो, कर्ज आणि भरपाई मात्र बहुधा सातबाऱ्यासारख्या कागदावर ज्याचे नाव त्यालाच मिळते. भाताने पोट भरेना म्हणून अनेकांनी शेते खणून कोळंबीची तळी केली. एखादे तळे चांगले साधले तर भाताच्या कित्येक पट पैसा मिळतो, रोग आला तर सारे जाते. शेजाऱ्याच्या भातात आणि विहिरीत खारेपणा उतरतो तो वेगळाच, आणि त्याचा हिशेब कोणीच देत नाही.

धरणांचा परिणाम होतो, आणि तो पाण्यापेक्षा गाळाच्या बाबतीत अधिक आहे. हा सारा प्रदेश नदीने आणलेल्या गाळाने बनला आहे आणि त्यात आपल्या दख्खनच्या काळ्या पाषाणाची माती मोठ्या प्रमाणात आहे. नाथसागरापासून खाली अनेक जलाशयांत हा गाळ अडतो. समुद्र किनारा खातच असतो, पूर्वी नदी ती झीज भरून काढत असे. आता ती भर अपुरी पडते, आणि मुखाजवळच्या गावांना भरतीचे खारे पाणी नाल्यांतून नारळाच्या बागांत शिरताना दिसते. गौतमीच्या मुखाजवळचे कोरिंगाचे कांदळवन हा त्यावरचा मोठा आधार आहे. तेथे लाकडी पायवाटेवरून आत जाता येते आणि सकाळी लवकर गेल्यास पाणमांजरेही दिसतात.

प्रश्न (ठाणे) : कधी जावे आणि कसे जावे?

उत्तर : नोव्हेंबर ते फेब्रुवारी हा काळ उत्तम. मुंबईहून पुणे-सोलापूरमार्गे जाणारी कोणार्क एक्सप्रेस राजमहेंद्रवरमला थांबते. तेथून आत्रेयपुरम, अंबाजीपेट, अमलापुरम आणि अंतर्वेदी असा मार्ग बसने होतो. हिंदी सर्वत्र चालत नाही, म्हणून गावांची नावे तेलुगूत लिहून घ्यावीत. नरसापूरला गेल्यास क्रोशाच्या लेसची खरेदी शक्यतो ती विणणाऱ्या स्त्रियांच्या गटाकडूनच करावी, कारण मध्यस्थांच्या साखळीत घरी बसून विणणारीच्या हाती फार थोडे पडते.

गुरू सिंह राशीत आला की नाशिकला सिंहस्थ आणि तिकडे गोदावरी पुष्करम् असते. २०१५ मध्ये तसे झाले आणि २०२७ च्या पावसाळ्याच्या तोंडावर ते पुन्हा येत आहे. स्नानाची इच्छा असेल तर त्या बारा दिवसांत जावे. गावे आणि शेते पाहायची असतील तर ते दिवस टाळून संक्रांतीच्या आठवड्यात जावे आणि अमलापुरममधील राहण्याची सोय दोन महिने आधी करून ठेवावी.